फोनच्या पाठीवरचं नाव

आमच्या घरातल्या प्रत्येक भांड्यावर नाव आहे. हंडा, कळशी, पिठाचा डबा, ताटं, वाट्या, अगदी चमच्यांच्या दांड्यांवरसुद्धा. जुन्या पितळी भांड्यांवर आजोबांचं, स्टीलच्या भांड्यांवर वडिलांचं. गावात कुणाकडे कार्य निघालं की घराघरांतून भांडी गोळा होतात आणि दुसऱ्या दिवशी घासलेल्या ढिगातून आपापली शोधून आणावी लागतात. नाव नसलेलं भांडं परत येईलच असं नाही, आणि आलं तरी ते आपलंच म्हणून सांगता येत नाही. म्हणून नवीन भांडं घरात आलं की आधी त्यावरचा कागद काढायचा, मग पौडला नेऊन दुकानात मशीनने नाव घालून आणायचं, आणि त्यानंतरच ते वापरायला घ्यायचं. आईने हा क्रम कधी मोडलेला मी पाहिला नाही.

तिचं स्वतःचं नाव एका परातीवर आहे. ती परात तिच्या मामाने लग्नात दिली होती. तिथेही मामाचं नाव मोठं आणि तिचं खाली, बारीक. माझं नाव कशावरच नव्हतं. मुलीच्या नावाची भांडी तिच्या लग्नात निघतात.

मी आमच्या घरातली पहिली पदवीधर. हे लिहिताना आजही मला शाळेतल्या एक मॅडम आठवतात. जादा तासामुळे माझी एसटी चुकली की त्या मला घरी नेऊन जेवू घालायच्या आणि पुढच्या गाडीत स्वतः बसवून द्यायच्या. अशा चार-दोन माणसांच्या आधारावर मी रसायनशास्त्र घेऊन बी.एस्सी. झाले, पुढे कॉम्प्युटरचा एक कोर्स केला आणि हिंजवडीतल्या एका छोट्या कंपनीत लागले. तिथून जवळच जांब्याला दोन मुलींबरोबर भाड्याच्या खोलीत राहायचे, शनिवार-रविवारी घरी यायचे.

या सगळ्या प्रवासात आई कुठे होती, तर फाटकाबाहेर. पालकसभेला ती यायची, पण शाळेच्या आत पाऊल टाकायची नाही. मी ओढून पाहिलं, रडून पाहिलं. "तुमच्यातलं मला काय कळतंय? तू जाऊन आयिक, मी हितं हाय," म्हणायची आणि रस्त्याकडेला पिशवी धरून उभी राहायची. कॉलेजच्या फीला तिने भात विकला, परीक्षेच्या दिवसांत माझ्या वाटणीची कामं केली, पण माझ्या शिक्षणात आपला हात लागला असं तिला कधी वाटलंच नाही. निकाल सांगितला की विचारायची, "म्हंजी चांगलं हाय न्हवं?" मी हो म्हटलं की चुलीकडे वळायची.

आता फोनचं सांगते. आमच्या कंपनीत मोबाइलवर चालणारी ॲप बनतात. ती निरनिराळ्या फोनवर नीट चालतात का हे पाहणं माझं काम. त्यासाठी ऑफिसात एक कपाट भरून फोन आहेत, नवे आणि जुनेही. त्यात एक सबंध धातूच्या पाठीचा होता. करड्या रंगाचा, जड, हातात घेतला की गार लागणारा. एका शुक्रवारी माझं त्याच्यावरचं थोडं काम उरलं होतं, म्हणून मी तो घरी न्यायची परवानगी मागितली. आमच्या टीमचे सर म्हणाले, "ने, पण सोमवारी जसा आहे तसा जमा कर." मी तेव्हा कायम झालेली नव्हते. असं काही विश्वासाने हातात मिळालं याचंच मला अप्रूप होतं.

घरी आईने तो हातात घेऊन उलटापालटा केला.

"लई गार लागतोय गं. कशाचा हाय?"

"ॲल्युमिनियमचा."

"आपल्या टोपाचं असतंय त्ये?"

"तेच. जरा वेगळं केलेलं."

"आन् दिला कुणी?"

"कंपनीनं दिलाय."

'कामासाठी' असंही मी म्हणाले असेन. पण आमच्या गावात कंपनीने दिलं म्हणजे दिलं. माझा चुलतमामा कारखान्यात आहे. त्याला दिवाळीला कंपनी कधी डबे देते, कधी कुकर. ते कुणी परत मागत नाही. आईने फोन पदराने पुसून फळीवर ठेवला आणि मला वाटलं विषय संपला.

शनिवारी शेजारच्या मुलीची हळद होती. मी सकाळीच तिकडे गेले. कामाचा फोन हळदीच्या घरात नको म्हणून फळीवरच राहू दिला. आईला त्याच दिवशी पौडला जायचं होतं. माझ्या मावसबहिणीचं लग्न ठरलं होतं आणि तिच्या भांड्यांवर नावं घालून आणायची होती.

संध्याकाळी मी परत आले तेव्हा ती ओटीवर वर्तमानपत्रात बांधलेली भांडी सोडत बसली होती. मला पाहून म्हणाली, "डोळं झाक."

"कशाला?"

"झाक म्हणते न्हवं."

मी डोळे मिटले. हातात काहीतरी गार आलं. उघडून पाहिलं तर तो फोन होता, पाठ वर करून. तिच्यावर माझं नाव होतं, त्यापुढे वडिलांचं, त्यापुढे आडनाव. दुसऱ्या ओळीत बी.एस्सी. तिसऱ्या ओळीत मुक्काम पोस्ट आणि तालुका मुळशी. कंपनीने चिकटवलेला नंबराचा कागद गेला होता.

"त्यो कागूद म्या काढला," आई म्हणाली. "घासलेट लावून. डाग ऱ्हायला का बघ. जरा बी न्हाई."

मी काहीच बोलले नाही, म्हणून तिला वाटलं मला आनंद मावत नाही. ती आणखी रंगात आली.

"दुकानदार म्हणतोय, मावशी, फोनवर कोण नाव घालतंय व्हय? म्हणलं, तू घाल. आन् दाबून घाल, पुसाया नगं. म्हणलं, म्होरं शिक्षाण बी घाल. तर त्या बाबाला बी.एस्सी. लिवता येईना! तितं एक सर आल्ते पातेलं घ्यायला, त्यांनी कागदावर लिवून दिलं. त्ये म्हणाले, कुणाची पोरगी? म्हणलं, माजी."

'माजी' म्हणताना तिने छातीवर हात ठेवला. मी तिला आयुष्यात असं करताना पाहिलं नव्हतं.

"छान आलंय," मी म्हणाले. दुसरं काय म्हणणार होते?

शेजारच्या काकू हळदीचं ताट द्यायला आल्या, तर आईने त्यांनाही फोन दाखवला. काकूंनी तो दिव्याखाली धरून मोठ्याने वाचला आणि म्हणाल्या, "बरं केलंस बाई. आता पोरगा हुडकाया नगं. फोन बाजारात सांडायचा, पत्त्यावर आपसूक यील."

"यील की. पर बी.एस्सी. वाचून माघारी पळंल," आई म्हणाली, आणि दोघी पदर तोंडाला लावून हसत बसल्या.

मी आत जाऊन बसले. ऑफिसात काय होईल याची भीती होतीच, पण ती मला मोजता येत होती. ओरडतील, नोंद करतील, फार तर कायम करणं लांबवतील. दुसरी भीती मोठी होती. माझ्या शिक्षणाच्या जगात आईने पहिल्यांदाच, कुणी न बोलावता, स्वतःच्या रीतीने पाऊल टाकलं होतं. ती वस्तू आपली नव्हती, तू परक्याच्या मालावर आपलं नाव घालून आलीस, असं मी सांगितलं असतं तर ती पुन्हा फाटकाबाहेर जाऊन उभी राहिली असती, आणि या वेळी कायमची. फोनचं काय व्हायचं ते होवो, तिला हे कळता कामा नये, एवढंच मी ठरवलं. नाव गुपचूप काढायचं आणि फोन जमा करायचा. तिने विचारलंच तर ऑफिसातच ठेवलाय म्हणायचं.

रविवारी सकाळी ती भाताच्या झोडणीला गेली. वडील एका रिसॉर्टवर वॉचमन आहेत, सुट्टीच्या दिवशी त्यांना सुट्टी नसते. घर रिकामं होतं. मी मागच्या दारी दगडावर बसले आणि माझ्या स्वतःच्या फोनवर धातूवरचे ओरखडे घरच्या घरी कसे काढायचे त्याचे व्हिडिओ लावले.

सगळे व्हिडिओ एकसारखेच होते. स्वच्छ टेबल, काळं फडकं, गोरे हात. किल्ल्यांमुळे पडलेला केसाएवढा ओरखडा, त्यावर टूथपेस्टचा ठिपका, गोल गोल फिरणारं बोट. पुसलं की ओरखडा गायब. मी वडिलांच्या जुन्या बनियनचा तुकडा घेतला, पेस्ट लावली आणि तसंच बोट फिरवलं. पुसून पाहिलं तर पाठ चकचकीत झाली होती आणि पेस्ट अक्षरांच्या खाचांत जाऊन वाळली होती. करड्यावर पांढरं. काल जे नाव तिरकं धरून वाचावं लागत होतं ते आता दारातून वाचता आलं असतं. पेस्ट काढायला मला दात घासायचा ब्रश आणि सुई लागली.

मग खायच्या सोड्याचा लगदा करून पाहिला. त्याने काहीच झालं नाही, निदान वाईटही झालं नाही. शेजारच्या दादांकडे गाडीला लावायचं पॉलिश होतं, तेही मागून आणलं. "कुणाची गाडी चमकवतीयस?" त्यांनी विचारलं. मी हसून वेळ मारून नेली. पॉलिशने पाठ आरशासारखी झाली आणि त्या आरशात माझं नाव होतं.

त्यानंतर मी वडापची जीप धरून पौडला गेले आणि हार्डवेअरच्या दुकानातून पॉलिश पेपर आणला, सगळ्यात बारीक, झिरो नंबरचा. हे करू नये हे मला माहीत होतं. मी रसायनशास्त्र शिकले आहे. ॲल्युमिनियमला रंग असा लावलेला नसतो. त्याच्या पृष्ठभागावर एक पातळ, कठीण थर मुद्दाम वाढवतात आणि रंग त्या थरात मुरवतात. तो थर घासला की रंग जातो आणि घरात परत आणता येत नाही. परीक्षेत हा प्रश्न आला असता तर मी आकृतीसह उत्तर लिहिलं असतं. पण त्या दुपारी माझ्याजवळ आकृती काढायला कागद नव्हता, एक फोन होता आणि सोमवार होता.

मी फोन बंद केला, कडेच्या फटींवर चिकटपट्टी लावली आणि तालुक्याच्या नावातल्या शेवटच्या अक्षरावर हलकेच पेपर ओढला. तेवढा भाग लगेच पांढराफटक झाला. अक्षर तसंच होतं. इथे थांबले असते तर एक डाग राहिला असता. पण डाग दिसतोय म्हणून मी बाजूला घासलं, बाजूचं वेगळं दिसतंय म्हणून त्याच्या पुढे, आणि असं करता करता पाठ एकसारखी करायची म्हणजे सबंधच घासायची असं माझं मन मला पटवत गेलं. हात भरून आले. बोटांची टोकं करडी झाली.

सगळ्यात आधी माझी पदवी गेली. दुकानदाराने ती कागदावर पाहून, अडखळत, हलक्या हाताने काढली असणार. मग पत्ता फिका झाला. नावं मात्र जाईनात, कारण ती लिहायची त्याला रोजची सवय. वडिलांचं नाव तर इतकं खोल होतं की त्यावरून बोट फिरवलं तर कळत होतं.

"काय करतीयस गं?"

मी दचकले. आई मागे उभी होती. केसांत भाताची कुसळं, हातात विळा. झोडणीचं मशीन बिघडलं म्हणून मालकाने बायकांना लवकर सोडलं होतं.

"काही नाही."

"बघू."

मी फोन पाठीमागे नेला, लहान मुलासारखा. तिने हात पुढे केला आणि तसाच धरून ठेवला. शेवटी मी दिला. तिने तो उन्हात धरला. पांढरी पडलेली पाठ पाहिली, दगडावरचा पॉलिश पेपर पाहिला, बनियनचा तुकडा, टूथपेस्ट, सोड्याची वाटी. मग माझी बोटं पाहिली.

"नाव पुसतीयस व्हय?"

मला खरं सांगता येत नव्हतं. खोटं सुचत नव्हतं.

"हापिसात हसत्याल म्हणून?"

मी पॉलिश पेपरची घडी घालायला लागले. ती थोडा वेळ थांबली. मी नाही म्हणेन म्हणून थांबली असावी. नाही म्हटलं असतं तर मग का, हे सांगावं लागलं असतं.

"हसत्यात तर हसू दे," ती एकदम मोठ्याने म्हणाली. "त्यांच्या घरात भांडी न्हाईत? का केळीच्या पानावर जेवत्यात समदी?" मग आवाज खाली आला. "काल तर म्हणलीस, छान आलंय."

"छानच होतं गं."

"मंग?"

पलीकडच्या घरी वाजंत्री सुरू झाली. आई विळा कुडात खोचून माझ्या शेजारी बसली. मला वाटलं ती रडेल, किंवा चिडून आत जाईल. तिने दोन्ही केलं नाही. चुलीतली राख वाटीत आणली, काथ्याचा तुकडा आणला, पदर खोचला.

"आण हिकडं. तुला न्हाई जमायचं."

"आई, नको. राहू दे."

"न्हाई ठेवायचं नाव तर नीट काढ. असं अर्धं पुसल्यालं लई वंगाळ दिसतंय."

तिला थांबवायला माझ्याजवळ कारणच नव्हतं. होतं ते सांगण्यासारखं नव्हतं. मी नुसती बघत बसले. ती टोप घासते तशी दोन्ही हातांनी, अंगाचा भार देऊन घासत होती. चिकटपट्टी निघाली, राख फटींत गेली, कॅमेऱ्याच्या काचेवर चरे उमटले. मध्येच ती पाणी शिंपडून बघायची आणि पुन्हा घासायची. माझं नाव, जे तिने आदल्या दिवशी दाबून घालायला लावलं होतं, तेच ती तितक्याच जोराने काढत होती, आणि ते निघत नव्हतं.

"म्याच त्याला म्हणलं, दाबून घाल," ती घासता घासता म्हणाली. हे ती मला सांगत नव्हती.

शेवटी तिने फोन धुतला, हो, धुतला, आणि पदराने पुसून माझ्या हातात दिला. पाठ जुन्या ॲल्युमिनियमच्या ताटलीसारखी झाली होती. तिरका धरला की माझं नाव, वडिलांचं नाव आणि आडनाव अजून दिसत होतं.

"एवढंच होतंय माज्याच्यानं," ती म्हणाली.

सोमवारी मी फोन जमा केला. तो सुरू होत नव्हता. सरांनी तो दोन बोटांत धरला आणि विचारलं, "हे काय झालं? कुठे पडला का?" मी म्हणाले, "घरी घासला गेला." त्यांनी फोनचं रजिस्टर उघडलं. नंतर म्हणाले, "ठीक आहे, मी रिमार्क टाकतो. पण इथून पुढे कुणालाच घरी न्यायला देता येणार नाही." त्यांनी आवाजही चढवला नाही. दुपारी सगळ्यांना तशी मेल गेली. माझं नाव तीत नव्हतं, तरी शेजारच्या मुलीने खुर्ची वळवून विचारलं, "तूच का गं?" त्या फोनचं पुढे काय झालं मला माहीत नाही. मी विचारलं नाही. काही महिन्यांनी मी कायम झाले, म्हणजे तेवढ्यावर निभावलं.

घरी निभावलं नाही. पुढच्या शनिवारी आई माझ्याशी नेहमीसारखंच वागली, पण एक फरक होता. ती विचारायला लागली. ठेच्याची बरणी देताना, "चालंल का हापिसात?" शेजारी माझ्याबद्दल काही सांगताना मध्येच थांबून, "सांगू का नगं?" पूर्वी तिने मला असं कधी विचारलं नव्हतं. मी ठरवलं होतं की तिला आपण चूक केली असं वाटू द्यायचं नाही. तिला तसं वाटतही नव्हतं. तिला एवढंच वाटत होतं की शिकलेल्या लेकीला आपल्या घराचं नाव नको झालंय.

मग मला राहवलं नाही. ती भाकऱ्या थापत होती. मी जवळ बसले आणि सगळं खरं सांगून टाकलं. फोन आपला नव्हता. कामापुरता आणला होता. परत द्यायचा होता, म्हणून नाव काढत होते. तुला वाईट वाटू नये म्हणून बोलले नाही.

तिने भाकरी तव्यावर टाकली, पाणी लावलं.

"तूच म्हणलीस न्हवं, कंपनीनं दिलाय?"

"दिलाय म्हणजे वापरायला गं."

"आन् मंग आता कुटं हाय त्यो?"

"जमा केला."

"हां," ती म्हणाली. "टाकून आलीस."

"टाकला नाही आई, खरंच जमा केला. तो त्यांचाच होता."

तिने भाकरी उलटली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. असता तर मला बरं वाटलं असतं. लहानपणी मी पडले आणि लागलं नाही म्हणाले की ती जशी बघायची, तशी ती माझ्याकडे बघत होती.

"ऱ्हाऊ दे, पोरी," ती म्हणाली. "माज्यासाठी खोटं नगं बोलूस. मला न्हाई राग आला."

मी पुन्हा सांगायला तोंड उघडलं. सरांचं, कपाटाचं, नंबराच्या कागदाचं, सगळं. पण जितकं जास्त सांगावं तितकं ते रचल्यासारखं वाटेल हे मलाच ऐकू येत होतं. तिने भाकरी तव्यावरून काढून माझ्या ताटात ठेवली, तूप घातलं.

"जेव. गार व्हतीय."